ऐंशी सिनेमे, एक व्हॉइसमेल

घशाच्या ऑपरेशनमध्ये ऑरेलियोंचा आवाज कायमचा गेला. मँचेस्टरच्या हॉस्पिटलमधली थेरपिस्ट म्हणाली, "जुनं रेकॉर्डिंग आणा, यंत्र त्यांच्याच आवाजात बोलेल." सून मंजिरी निर्धास्त होती. सासऱ्यांनी इटलीत ऐंशी सिनेमांत दुय्यम कामं केली होती. कधी पाद्री, कधी दरोडेखोर, कधी हवालदार. तिने एकेक सिनेमा लावला. चेहरा तोच, आवाज दरवेळी निराळा. "पापा, यातला तुमचा कुठला?" त्यांनी पाटीवर लिहिलं, "एकही नाही. आमच्याकडे शूटिंगनंतर आवाज दुसरेच कलाकार द्यायचे." शेवटी तिच्याच फोनमध्ये त्यांचा एक जुना व्हॉइसमेल सापडला: "मंजिरी, फोडणीत आधी हिंग की मोहरी?" आजकाल तेवढंही पुरतं. यंत्रातून ऑरेलियोंचा आवाज पहिल्यांदा उमटला, तेव्हा ते डोळे मिटून ऐकत राहिले. मग पाटी ओढून त्यांनी लिहिलं, "आवाजाला माणूस चांगला निवडलास, पोरी. माझ्या चेहऱ्याला अगदी शोभतो."