तीस नंबरचं तेल

“तीस नंबर संपलंय, सर,” दुकानदार म्हणाला आणि फडकं घेऊन काउंटरची काच पुसायला लागला. काच स्वच्छच होती.

ड्रिलमास्तरांनी त्याच्या खांद्यावरून मागच्या फळीकडे पाहिलं. तीस नंबरचे डबे तिथे ओळीनं उभे होते, आणि त्यांच्यापुढे एक मोठं नरसाळं घाईघाईनं आणून ठेवलेलं होतं. ह्याच पोराला त्यांनी शाळेत रांगेत सरळ उभं राहायला शिकवलं होतं. खोटं बोलताना तो तेव्हाही असाच टाचांवर डुलायचा.

“हे न्या ना.” त्यानं एक चकचकीत बाटली पुढे सरकवली. “गाडीचं आहे. एकदम भारीतलं.”

“गाडीला भारी असेल. माझं गवताचं मशीन दिवसभर उन्हात तापतं, त्याला नुसत्या वाऱ्याचा गारवा. त्याला साधं तीस नंबर लागतं.”

“मग हे बघा, स्कूटरचं—”

“ते पेट्रोलमध्ये मिसळायचं. तू मला येडा समजतोस का रे?”

मास्तरांचं डोकं सकाळपासूनच फिरलेलं होतं. शाळेच्या मैदानावरचं गवत घोट्याच्या वर आलं होतं. नोकरी संपली तरी ते गवत मास्तरच कापत, बसून चालवायच्या त्या मशीनवर ऐटीत बसून. आज बसण्याआधी त्यांनी नेहमीसारखी तेलाची पट्टी उपसून बघितली, तर ती कोरडी ठणठणीत. जमिनीवर गळल्याचा एक डाग नव्हता. इंजिनाच्या बुडाशी असलेला बोल्ट मात्र घट्ट पिळलेला आणि लख्ख पुसलेला. तेल कुणीतरी मुद्दाम काढलं होतं, आणि तेल काढल्यावर बोल्ट पुसून ठेवायची शिस्त मास्तरांनी आयुष्यात एकाच माणसाला लावली होती.

“काउंटरखाली लपवून फोन कुणाला करतोयस?”

“कुणाला नाही, सर.”

तोवर समोरच्या औषधांच्या दुकानातून त्यांची लेक रस्ता ओलांडून आलीसुद्धा. कामावरचा पांढरा कोट अंगात तसाच होता.

दुकानदाराचा जीव भांड्यात पडला. मास्तरांच्या डोक्यावरून तिच्याकडे बघत त्यानं विचारलं, “ताई, देऊ का ह्यांना?”

मास्तरांची कानशिलं तापली. ज्याला शिट्टीच्या तालावर पळवलं, तो आज मास्तर म्हणजे गोळ्या-बिस्किटं मागायला आलेलं पोर असल्यासारखं त्यांच्यादेखत दुसऱ्याची परवानगी घेत होता.

“बाबा, घरी चला,” लेक म्हणाली. “मागच्या आठवड्यात मशीन गोलच्या खांबावर घातलंत. तिथे एखादी मुलगी खेळत असती तर? हल्ली तुमच्या लक्षात राहत नाही. ब्रेक दाबायचा विसरलात.”

“तेल तू काढलंस.”

तिनं कोटाची बाही खाली ओढली.

“आणि मी तसंच चालू केलं असतं, तर? इंजिन जाम होऊन कायमचं बसलं असतं.”

“तेल बघितल्याशिवाय तुम्ही कधी बसलात का त्याच्यावर? मला माहीत होतं, म्हणून तर काढलं.”

“वा गं वा.” मास्तरांनी काठी काउंटरला टेकवून ठेवली. “म्हणजे पट्टी बघायला मी विसरणार नाही, ह्याची तुला खात्री. आणि ब्रेक दाबायला विसरलो, ह्याचीही खात्री.”

दुकानदार मान खाली घालून पुन्हा काच पुसायला लागला.

“ब्रेक लागत नाही, ब्रेक लागत नाही, म्हणून मी घसा कोरडा केला. माझे गुडघे वाकत नाहीत, कुणीतरी खाली वाकून बघा म्हटलं. जावई नुसता हसला. तू म्हणालीस, बरं बरं, बघू. म्हाताऱ्याला गप्प करायचं असलं की हेच म्हणतात.” त्यांचा आवाज चिरकला, त्याचाही त्यांना राग आला. “तोंडावर सांगितलं असतंस ना, बाबा नका चालवू, तर किल्ली काढून हातात दिली असती तुझ्या. पण तू चोरासारखं तेल काढलंस.”

“मला भीती वाटत होती, बाबा.”

“वाटू दे. एवढंच सांग. तेल काढायला मशीनखाली आडवी झालीस, तेव्हा वर बघितलंस का?”

लेकीनं कोटाच्या खिशात हात घातले, पुन्हा बाहेर काढले.

“सांग की.”

ती काउंटरच्या आत गेली. फळीवरचं नरसाळं तिनं बाजूला केलं, तीस नंबरचा एक डबा उचलला आणि बापापुढे आणून ठेवला. त्यांच्याकडे तिनं बघितलं नाही.

“ब्रेकची एक तार पण दे,” ती दुकानदाराला म्हणाली. “जुनी तुटून लोंबतेय.”