खरपुडीचा वेल

गहिनीनाथ सर गुडघ्यांवर बसले आणि खरपुडीच्या वेलाला हात न लावता फुलाकडं बघत राहिले.

फूल करंगळीएवढं. खाली फुगीर, वर बारीक नळी, आणि टोकाला पाकळ्या एकमेकींना चिकटून झालेला इवलासा कंदील. नळीत एक चिलट अडकलं होतं.

"एक दिवस ठेवून घेतं, मग सोडतं," सर म्हणाले. ते नेकनूरकडच्या कॉलेजात वनस्पतींचा विषय शिकवायचे. फूल आल्याचं ऐकून मुद्दाम मोटारसायकलवर आले होते. "तुमच्या डोंगरावर याचे पंचवीस-तीस वेल होते. पवनचक्कीच्या रस्त्यात गेले सगळे. दारात लावलेला तर मी आजवर कुठं पाहिला नाही. जगवला कसा, बाई?"

सत्यभामानं सांगितलं. काळ्या मातीत कंद सडतो, म्हणून डोंगराचाच मुरूम पाटीनं वाहून आणला. दिवाळीनंतर वेल वाळून दिसेनासा होतो. तेव्हा पाणी घालायचं नाही, जागा मात्र ध्यानात ठेवायची. दोन पावसाळे नुसती पानं आली. हे तिसरं वर्ष.

"आणि आणला कुठून?" सरांनी वही काढली. "जागा लिहावी लागते."

"डोंगरावून."

"डोंगर मोठा आहे."

सून वनमाला चहा घेऊन आली होती. तिला सातवा लागला होता. सत्यभामानं तिच्याकडं बघायचं टाळलं.

"लेकुरमाळावून," ती म्हणाली. "आमची पोरगी थितं पुरलीय. वेल तिच्यावरच उगवायचा. जेसीबी यायच्या आदल्या दिशी कंद काढून आणला."

गावात दगावलेली तान्ही लेकरं ज्या उतारावर पुरायचे, तो लेकुरमाळ. आता तिथून सपाट रस्ता गेला होता. सरांनी काही लिहिलं नाही. वही मिटली. वनमालानं कप तिथंच जमिनीवर ठेवला आणि ती आत गेली.

सर गेले तेव्हा आत पिशवी भरायचं चाललं होतं.

"आत्या, मी म्हायेरी जाते."

"पोरगी काय वाईट करनार न्हाई गं."

"रोज पानी मीच घालते त्याला. मला सांगायचं तरी व्हतं." वनमालाचा आवाज चढला नव्हता, पण हात पोटावरून हलत नव्हता. "मला भ्या वाटतंय, आत्या."

पोटुशी असती तर सत्यभामाही त्या उताराकडं फिरकली नसती. ती बाहेर आली, वळचणीचं खुरपं काढून वेलापाशी बसली. खुरप्याचं टोक मुरमात घातलं.

मुंजाजी, तिचा नवरा, सकाळपासून लिंबाखाली शेळीचं दावं वळत होता. सर आले तेव्हाही तो उठला नव्हता. पोरगी गेल्यापासून तिचं नाव त्यानं काढलं नव्हतं, आणि सत्यभामा दर अवसेला डोंगर चढायची तेव्हा तो कधी सोबत गेला नव्हता. आता तो आला आणि त्यानं तिच्या हातातलं खुरपं काढून घेतलं.

"ऱ्हाऊ दे," तो म्हणाला. मग दाराकडं तोंड करून जरा मोठ्यानं, "वनमाला, पिशवी ठिव. या मातीत काय न्हाई."

वनमाला दारात आली.

"मुरूम लई कडक व्हता. मला खोल खांदता आलं न्हाई," मुंजाजी खुरप्याकडं बघत बोलत होता. "दुसऱ्या दिशी वर दगडं ठिवायला गेलतो, तर खड्डा उघडा. जनावरानं उकरलेला. आत काय नव्हतं. मी लई हिंडलो. काय घावलं न्हाई. मग तसाच बुजवला अन् दगडं रचली. अठ्ठावीस वर्सं थितं नुसती दगडंच व्हती."

सत्यभामाचा एक हात मुरमावर होता. तो तिनं उचलला, पदराला पुसला, आणि पुन्हा तिथंच ठेवला.

"मंग मला कावून जाऊ दिलंत?"

मुंजाजीनं खुरप्याची माती अंगठ्यानं पुसली.

"थितून आलीस की जेवायचीस," तो म्हणाला.

वनमालानं पिशवी खाली ठेवली. आत जाऊन तांब्या आणला. सासू पाणी प्यायली नाही, म्हणून तांब्या तिच्याजवळ ठेवून ती तिथंच टेकली, वेलाच्या अलीकडं.

त्या रात्री भाकरी फक्त मुंजाजी आणि वनमालानं खाल्ली. सत्यभामानं उंबऱ्याच्या आत गोधडी टाकली आणि ती बाहेर तोंड करून बसली. वनमाला दार लावायला आली.

"असू दे उघडं."

"गार वारं येतंय, आत्या."

"लाईटबी असू दे," सत्यभामा म्हणाली. "डोंगरावून तिला घर दिसाया पायजे."

मुंजाजी ओसरीत दारासमोर बाजेवर पडला होता. तो उठला, आणि वाटेतली बाज ओढून त्यानं बाजूला घेतली.