पिवळी रानमोहरी

“शास्त्रज्ञांनी पेरलेली रानमोहरी जांभळी फुलतेय, तोवर माळाच्या मातीत कारखान्याचं विष आहे. तिकडं पाय ठेवू नको. पिवळी फुलली की माळावरच्या बिरोबाला माझा दिवा लाव,” मामंजी जाताना कोंडाबाईला म्हणाले होते.

आज कुंपणापलीकडं सगळा माळ पिवळा दिसत होता.

“वहिनी, हुरळू नका,” नणंद भामा म्हणाली. “काल जत्रेत लोकांनी इथूनच देवाला भंडारा उधळलाय. माझी म्हैससुद्धा पिवळी झालीय.”

कोंडाबाईनं कुंपणातून एक फांदी ओढून तांब्यातल्या पाण्यात खळबळली. पाणी हळदीनं पिवळं झालं. फुलं मात्र धुऊनही पिवळीच राहिली.

भामानं डोळ्यांना पदर लावला. कोंडाबाईनं पणतीत तेल घातलं, चपला कुंपणाशी काढल्या आणि ती अनवाणीच माळ चढू लागली.