तासाभराचं हसू

पडद्यावर नवरानवरीवर अक्षता पडत होत्या, पण काही केल्या खाली पोचत नव्हत्या. एकेक दाणा आपला हवेतच. जुन्या कृष्णधवल पिक्चरमधला, डोळ्याचं पातं लवेस्तोवर सरणारा लग्नाचा तुकडा क्रांतीनं कॉम्प्युटरवर ताणून तासाभराचा केला होता. चित्रकला शिकलेली पोर ती, करणार दुसरं काय! त्यातही तिचं कोल्हापुरातलं पहिलं प्रदर्शन, म्हणून पडद्यावरच्या गर्दीतली एक बाईच तिनं शोधून काढली आणि नवऱ्यासकट पहिल्या रांगेत आणून बसवली.

ती बाई तानाबाई. नवं लग्न झालेलं तेव्हा गल्लीतल्या बायकांबरोबर ती एक दिवस इथल्याच स्टुडिओत गर्दीत उभी राहायला गेली होती, घरचंच लुगडं नेसून. "आमची मंडळी पिच्चरात हाय!" म्हणत नवऱ्यानं, पिराजीनं, ते जन्मभर मिरवलं. तिला पुन्हा स्टुडिओची पायरी मात्र चढू दिली नाही. स्टुडिओच कशाला, बाजारालाही एकटी सोडली नाही.

आता म्हातारा खुर्चीच्या टोकावर आला होता. पडद्यावरची कोवळी तानी अक्षता टाकता टाकता मान वळवत होती. नवरीकडं नाही, भलतीकडंच. आणि ओठांवर हसू यायला लागलं होतं. टॉकीजमध्ये इतक्या वेळा बघूनही हे त्याला कधी दिसलं नव्हतं.

"कुणाकडं बघत हुतीस गं?"

"आता काय ध्यानात ऱ्हातंय व्हय? जेवणाची पातेली आली आसतील."

"पातेल्याकडं बघून लाजत्यात व्हय बायका?"

मागची माणसं फिसकन हसली. पिराजीच्या अंगाचा तिळपापड झाला. त्यानं तिचं मनगट धरलं ते सोडेचना. घरी काय वाढून ठेवलंय ते तानाबाईला कळून चुकलं. तिला धड उठता येईना, आणि पडद्यावरची मान तर वळतच चाललेली. ती थांबवायची कशी आणि झाकायची कशी?

"बंद कर पोरी त्ये!" पिराजी ओरडला.

क्रांती घाबरली. धावत जाऊन तिनं बटणावर बोट ठेवलं.

"थांब, बाळ," तानाबाई म्हणाली. नवऱ्याच्या शब्दापुढं शब्द काढायची तिची ही पहिलीच वेळ. आवाज सगळ्यांना ऐकू गेला.

"हसू दे की तिला पुरतं. त्या दिसानंतर कुठं हसलीया ती!"