चार स्क्रू

चारही स्क्रूंवर कंपनीचा लाल ठिपका जसाच्या तसा होता. म्हणजे फ्रीजरच्या आतलं मागचं झाकण आजवर कुणी उघडलेलंच नव्हतं. मेकॅनिकनं पटकन वळून पाहिलं. घरच्या सूनबाई ओट्यापाशी भांडी पुसत होत्या; त्यांना त्या ठिपक्यांचा अर्थ कळणार नव्हता. त्याला मात्र चांगलाच कळत होता, कारण फ्रीजरमध्ये सारखा साचणाऱ्या याच बर्फासाठी तो महिन्यापूर्वी इथे येऊन गेला होता.

तेव्हा काय केलं होतं त्यानं? गरम पाण्यानं बर्फ वितळवला, फडकं मारलं आणि निघता निघता म्हणाला, "घरात कुणीतरी दार उघडं ठेवतंय बघा." उचलली जीभ लावली टाळ्याला! दिवसातून चार घरी तो हेच सांगायचा. त्यातल्या तीन घरी ते खरंही निघायचं.

त्यानं स्क्रू काढले, झाकण ओढलं. बर्फ वितळवणारा हीटर मधोमध जळून तुटला होता, आणि तोही काही आजकालचा नव्हे.

"पुन्हा आईच, नाही का?" सूनबाईंनी आवाज खाली आणून विचारलं. "तुम्ही सांगितलंत म्हणून तरी कळलं हो. आम्ही विचारलं की म्हणायच्या, मी लावलं होतं दार. मग डॉक्टरांकडे नेलं. आता विसरण्यावरच्या गोळ्या चालू आहेत. गॅसला हात लावू देत नाही, एकट्या खाली जाऊ देत नाही. तुमचे उपकारच म्हणायचे."

समोर फ्रीजर सताड उघडा, आणि मेकॅनिकच्या कपाळावर घाम. फ्रीजच्या दारावर कागद चिकटवलेला होता: 'दार लावलं? पुन्हा बघा.' त्याखाली पेन्सिलनं केलेल्या बरोबरच्या बारीक खुणा, ओळींमागून ओळी.

खिडकीशी बटण शिवत बसलेल्या आजींनी चष्म्यावरून त्याच्याकडे पाहिलं. "दर वेळी करते हो खूण," त्या घाईघाईनं म्हणाल्या. "एकदासुद्धा चुकवली नाही. तरी मेला झालाच बर्फ."

झाकली मूठ सव्वा लाखाची. 'हीटर आत्ताच गेलाय,' एवढं म्हटलं असतं तरी भागलं असतं. शब्द ओठांवर आलेही होते. पण त्या खुणा डोळ्यांपुढून हलेनात, आणि त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"आजी, तुम्ही दार नीटच लावत होता," तो म्हणाला. "हा हीटर तुटलाय, कधीचाच. मागच्या खेपेला मी आत बघितलंच नाही. घाई होती, तोंडाला आलं ते बोलून गेलो. चूक माझी आहे."

सूनबाईंच्या हातातलं ताट तसंच राहिलं. "म्हणजे आई रोज सांगत होत्या ते..." त्यांनी ताट ओट्यावर ठेवलं. त्या फ्रीजपाशी आल्या आणि कागदाचा कोपरा नखानं सोडवू लागल्या.

"राहू दे ग तो," आजी म्हणाल्या. मग मेकॅनिककडे बघून हसल्या. "भला आहेस रे बाबा. म्हातारीला बरं वाटावं म्हणून सगळं अंगावर घेतोस."

"नाही हो आजी, खरंच सांगतोय! हे ठिपके बघा ना, हे स्क्रू..."

"मलाही आधी तसंच वाटायचं, की मी लावलंय. देवाशपथ सांगायचे यांना. पण बर्फ तर समोर दिसत होता. माणसानं आपल्याच मनाचं किती ऐकायचं?"

त्यानं खाली मान घालून नवा हीटर बसवला, झाकण लावलं, चारही स्क्रू एकेक करून आवळले.

आजी शिवण ठेवून उठल्या. त्यांनी आपल्या हातानं फ्रीजरचं दार लावलं, तळव्यानं तीनदा दाबलं आणि पेन्सिल उचलली. खूण करता करता मात्र थांबल्या.

"लागलं ना रे?" त्यांनी त्याला विचारलं.