एकच शाल

मिठूला सोबत म्हणून लेकीने दुसरा पोपट आणला. मिठू त्याच्यावर चोच उगारू लागला, तेव्हा नव्याचा पिंजरा समोरच्या भिंतीला गेला.

संध्याकाळी म्हाताऱ्या शिंप्याने मिठूच्या पिंजऱ्यावर बायकोची शाल घातली. बायको हयात होती तेव्हापासून मिठू त्याच शालीखाली झोपायचा. नव्याच्या पिंजऱ्यावर चादर टाकली, तर तो गजांवर धडका देऊ लागला. त्याचं ऐकून मिठूनेही घर डोक्यावर घेतलं. तीन संध्याकाळी हाच तमाशा.

"उद्या मी त्याला दुकानात परत देऊन येते," लेक वैतागली. "नाहीतर शाल कापा अर्धी अर्धी. शिंपी ना तुम्ही?"

त्याने शाल टेबलावर पसरली, खडूने मधोमध रेघ ओढली, कात्री उचलली. चाळीस वर्षांत जो हात कधी अडला नाही, तो अडला. मग त्याने खडू झटकला, दोन्ही पिंजरे एकमेकांना चिकटवले आणि वरून शाल पांघरली.

"सरका की जवळ! पुरते दोघांना," तो शालीला म्हणाला.

आत थोडी फडफड झाली आणि थांबली.

"हे कुठे शिकलात, बाबा?"

"तुझ्या आईकडून. लग्नानंतरच्या पहिल्या थंडीत घरात ही एकच शाल होती. मी कात्री घेऊन बसलो होतो, तेव्हा ती हेच म्हणाली."