अख्खी ठेवलेली शांतता

“साहेब, तुम्ही लबाडी केलीत,” आपला माहितीपट सुरू होण्याआधी प्रमिला माईकवरून म्हणाली. पहिल्या रांगेतल्या धरणखात्याच्या साहेबांचं हसू सुकलं.

खात्याच्या मागच्या माहितीपटाची ती संकलक होती. त्यात एका सुनावणीत धरणग्रस्त गोदाक्कांनी प्रश्न विचारला, तेव्हा साहेब नुसतेच गप्प बसले होते. “ते गप्प बसणं कापा, तिथं बासरी लावा,” असा हुकूम आला. प्रमिलानं कापलं नाही, म्हणून काम काढून घेतलं. बासरी दुसऱ्यानं लावली. मग ती स्वतःच दिग्दर्शक झाली, कॅमेरा घेऊन पुढच्या सुनावणीला उभी राहिली.

आता पडद्यावर गोदाक्का पुन्हा विचारत होत्या, “आमचं गाव बुडवून धरण भरलंत. मग आमच्याच नळाला पाणी का नाही?” पडद्यावरचे साहेब पुन्हा गप्प. ती शांतता प्रमिलानं अख्खी ठेवली होती. सभागृहात कोणी खोकलंसुद्धा नाही. तिची मान ताठ झाली.

“बासरी कुठाय गं पोरी?” सभागृहात मागे बसलेल्या गोदाक्कांनी विचारलं. सगळे हसले.

“नाही लावली, आक्का.”

साहेब दाराकडे निघाले. गोदाक्का पदर खोचून आडव्या उभ्या राहिल्या.

“सिनेमातलं राहू द्या, साहेब. आता तरी सांगा, पाणी का नाही?”